पायी चालणारा देवदूत

मे महिन्याच्या सुट्टीत आठवीतला भाचा राहायला आला होता. दुपारच्या उन्हात बाहेर पडायची सोय नाही, म्हणून अंगठीच्या त्या लांबलचक गोष्टीचे, 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चे, सिनेमे लावून बसलो. दीड सिनेमा त्याने मुकाट्याने पाहिला आणि मग विचारलं, "मावशी, हा गॅन्डाल्फ एवढा मोठा जादूगार आहे ना? मग सारखा चालत काय असतो? आणि दमतो कसा?"

"त्याला तशी ताकीद आहे म्हणून."

"कोणाची?"

झालं, सिनेमा राहिला बाजूला. या 'कोणाची'चं उत्तर सिनेमात नाही, आणि ज्या कादंबरीवर सिनेमा बेतला तिच्यातही ते इथे थोडं, तिथे थोडं असं सांडलेलं आहे. जे. आर. आर. टॉल्किन ऑक्सफर्डला भाषेचे प्राध्यापक होते. ही कादंबरी त्यांनी १९५४-५५ मध्ये तीन खंडांत छापली. पण तिच्या पाठीमागचं देवांचं, सृष्टीचं, युगायुगांचं पुराण ते पहिल्या महायुद्धाच्या दिवसांपासून लिहीत होते, आणि ते त्यांच्या हयातीत पुस्तक म्हणून काही निघालं नाही. १९७३ मध्ये ते गेले. मग मुलगा ख्रिस्तोफर यांनी कागदांच्या ढिगातून १९७७ मध्ये 'सिल्मरिलियन' काढलं आणि १९८० मध्ये अपुऱ्या राहिलेल्या कथांचं एक जाडजूड पुस्तक. गॅन्डाल्फला ताकीद कोणी दिली, ते नीट कळतं तिथे.

नोव्हेंबर १९५४ मध्ये, म्हणजे कादंबरी खंडाखंडाने बाजारात येत होती तेव्हाच, टॉल्किननी एका जेझुइट मित्राला लिहायच्या पत्राचा मसुदा केला होता. त्यात त्यांनी हे कोडं सोडवून ठेवलंय. गॅन्डाल्फ हा देह धारण केलेला 'एंजल' आहे, आणि तोही त्या शब्दाच्या मूळ ग्रीक अर्थाने. आंगेलोस, म्हणजे निरोप्या. इंग्रजी वाचकाला ही फोड करून सांगावी लागते, कारण एंजल म्हटलं की त्याच्या डोळ्यांपुढे आधी पंख येतात. आपण 'देवदूत' म्हणतो. त्यात दूत उघड्यावरच बसलेला आहे, आपलंच त्याच्याकडे लक्ष नसतं.

दूत कोणाचा, कोणाकडे धाडलेला आणि कोणत्या अटींवर, एवढं कळलं की त्याचं चालणं, दमणं, मधूनच खेकसणं, सगळ्याचा उलगडा होतो.

अगदी वरून सुरुवात करू. टॉल्किनच्या विश्वात परमेश्वर एकच, एरू इलूवातार. त्याच्या विचारातून आयनूर जन्मले आणि त्यांनी त्याच्यापुढे गायन केलं. त्या गाण्यातच पुढच्या सृष्टीचा आराखडा होता. मेल्कोर हा त्यांच्यातला सर्वांत बलाढ्य. त्याने आपलाच सूर रेटून गाणं नासवलं, तेव्हा एरूने दुसरी चाल दिली. तीही नासली, तेव्हा तिसरी. या तिसऱ्या चालीबरोबर एल्फ, म्हणजे माणसांसारखेच दिसणारे पण अमर लोक, आणि माणसं आली, आणि ती घडवण्यात आयनूरांचा काडीचाही वाटा नव्हता.

पुढचं सगळं पुराण या एका कलमावर उभं आहे. गाणं संपल्यावर काही आयनूर प्रत्यक्ष सृष्टीत उतरले. त्यांतले थोर चौदा ते वालार. सात देव, सात देवी, मेल्कोरला वगळून. एकवचन 'वाला'; भाजीवाला-दूधवाल्याशी त्याचा काही संबंध नाही, पण मराठी वाचकाला पहिल्यांदा हसू येतंच, मलाही आलं होतं. वाऱ्याचा आणि आकाशाचा स्वामी मान्वे हा त्यांचा राजा. पाण्याचा उल्मो, कारागिरीचा औले, मृत्यूचे निवाडे देणारा मांदोस. त्यांच्या हाताखाली त्याच जातीचे, पण कमी अधिकाराचे माइआर. त्यांची मोजदाद कोणी केलेली नाही. डोंगर उचलणं, समुद्र सारणं हे या मंडळींच्या हातचं काम. पण एल्फ आणि माणसं ही एरूची लेकरं. घर सांभाळायला यांच्याकडे, लेकरं दुसऱ्याची. रागावून हात उगारायची सोय नाही. समजावून सांगता येतं, बोलावता येतं, सावध करता येतं. म्हणून तर निरोपाला या विश्वात एवढं महत्त्व आहे. ज्याच्यावर सक्ती करता येते त्याला कोणी निरोप धाडत बसत नाही.

आता निरोप जातो कसा? या देवांना देह हा कपड्यासारखा आहे. हवा तेव्हा घालावा, नको तेव्हा काढून ठेवावा. गीतेतलं 'वासांसि जीर्णानि' आपल्याला लगेच आठवतं, फक्त इथे वस्त्र जीर्ण व्हायची वाट पाहावी लागत नाही. देहाविना ते शेजारून गेले तरी आपल्याला पत्ता लागायचा नाही.

मनाच्या संवादाबद्दल टॉल्किनचा एक छोटा निबंध आहे, तो १९९८ मध्ये कुठे छापून आला. त्यात ते म्हणतात की मन मुळात उघडंच असतं, पण प्रत्येकाला आपलं दार लावून घेता येतं. एकदा लावलं की बाहेरून कोणालाही ते उघडता येत नाही. वालारांना नाही आणि मेल्कोरलाही नाही. हा नियम मोडल्यास शिक्षा होते असं नव्हे. दगड वर पडत नाही तसं ते घडतच नाही. मेल्कोरला म्हणूनच लबाडी करावी लागली. आधी गोड बोलायचं, मैत्री दाखवायची, आतल्याने आपण होऊन कडी काढली की मग शिरायचं. शिवाय देहधाऱ्याला मनाचा आवाज अंधूक ऐकू येतो, भिंतीपलीकडून यावा तसा. तो नीट पोचवायला तीन गोष्टी उपयोगी पडतात: दोघांमधलं नातं, निकड आणि बोलणाऱ्याचा अधिकार.

कादंबरीत याचा एक सुरेख नमुना आहे. गोन्डोर राज्याच्या कारभाऱ्याचा धाकटा मुलगा फारामिर याला एक स्वप्न पडतं. मोडलेल्या तलवारीचा शोध घे, इम्लाड्रिसला, म्हणजे एल्फांच्या रिवेन्डेलला, जा. तेच स्वप्न त्याला पुन्हा पुन्हा पडत राहतं, आणि थोरल्या बोरोमिरला एकदाच. जाण्याचा हट्ट मात्र थोरला धरतो, एकशे दहा दिवस प्रवास करून पोचतो आणि पुढे त्या अंगठीच्याच मोहात सापडतो. स्वप्न कोणी धाडलं ते लेखकाने कुठेही सांगितलेलं नाही. पण ते वारंवार कोणाच्या उशाशी आलं, हे त्याने लिहून ठेवलंय. पत्त्यावर कोणाचं नाव होतं ते तेवढ्यावरून मला तरी समजतं.

देवांना हे सगळं पहिल्यापासून जमत होतं, असं मात्र नाही. पहिला निरोप त्यांनी चांगलाच बिघडवला. पूर्वेकडे एका सरोवराच्या काठी एल्फ जागे झाले. त्यांचा शोध ओरोमे या शिकारी देवाला अचानक लागला, गाण्याचा आवाज ऐकून. तो घोड्यावरून समोर गेला तर कित्येक एल्फ भिऊन लपून बसले. मेल्कोरने आधीच हूल उठवून ठेवली होती की काळ्या घोड्यावरून एक स्वार येतो आणि माणूस उचलून नेतो. निरोप्या पोचायच्या आधी त्याची बदनामी पोचलेली. त्यानंतर वालारांनी मेल्कोरशी जे युद्ध केलं, त्याचा गडगडाट आणि उजेड एल्फांनी दुरून पाहिला. मग या लोकांनीच 'आमच्याकडे पश्चिमेला राहायला या' असं बोलावणं धाडलं, तर कोण जाणार?

शेवटी ओरोमेला शहाणपण सुचलं. त्याने एल्फांमधलेच तिघे निवडले, इंग्वे, फिन्वे आणि एल्वे, त्यांना पश्चिमेला नेऊन सगळं दाखवलं आणि परत आणलं. मग आपल्या लोकांशी तेच बोलले. ही युक्ती लागू पडली आणि बरेच जण निघाले. उल्मोने मात्र या बोलावण्यालाच विरोध केला होता. एल्फांना त्यांच्या जागी राहू द्या, असं त्याचं म्हणणं होतं. पुढच्या बऱ्याच अनर्थांचं मूळ याच बोलावण्यात होतं असं सिल्मरिलियन सांगतं, तेव्हा उल्मो बरोबर होता. तो बहुतेक वेळा बरोबरच असतो आणि बहुतेक वेळा त्याचं कोणी ऐकत नाही.

पुढे फेआनोर नावाचा तापट एल्फ मेल्कोरवरच्या सूडाच्या भरात पश्चिमेतून परत निघाला, तेव्हा मान्वेचा दूत आयत्या वेळी आडवा आला. त्याचं बोलणं मला मोठं चमत्कारिक वाटतं. जाऊ नका, हा मूर्खपणा आहे. पण आम्ही तुम्हाला अडवणार नाही आणि मदतही करणार नाही. आपण होऊन आलात, आपण होऊन जा. हाती सगळं बळ असलेल्या राजाचा दूत येतो आणि नुसता सल्ला देऊन बाजूला होतो! फेआनोर अर्थातच निघून गेला.

आता उल्मो. निरोपांच्या या सगळ्या इतिहासात माझा लाडका हाच. तो देवांच्या सभेत क्वचित जातो, देह क्वचित घेतो, आणि झरे, नद्या, शंख यांच्यातून बोलतो. बाकीचे देव पश्चिमेला दारं लावून बसले तेव्हाही याचं पाणी मिडल-अर्थच्या, म्हणजे समुद्राअलीकडच्या ज्या भूमीवर ही सगळी गोष्ट घडते तिच्या, रानावनांतून वाहतच होतं.

त्याने तुर्गोन नावाच्या एल्फ राजाला स्वप्नात सुचवलं, मदत केली, आणि डोंगरांच्या कड्यात लपलेलं गोन्डोलिन शहर वसवून घेतलं. तुर्गोन समुद्राकाठचं जुनं गाव सोडून निघाला तेव्हा उल्मोने त्याला दोन गोष्टी सांगितल्या. स्वतःच्या हातांनी केलेल्या कामावर फार जीव लावू नकोस. आणि इथे एक तलवार, एक शिरस्त्राण, एक चिलखत ठेवून जा, मी सांगतो त्या मापाचं. एक दिवस माझा माणूस येईल, हे घालून तुझ्याकडे येईल, त्यावरून त्याला ओळख. जुन्या काळी सरदार मंडळी खुणेची अंगठी देत, त्यातलाच प्रकार. फरक इतकाच की खूण पटवणारा माणूस जन्मायला अजून शेकडो वर्षं होती.

तो माणूस तुओर. आईबापांवाचून वाढलेला, काही वर्षं गुलामीत काढलेला, नंतर डोंगरात लपून राहिलेला. एका झऱ्याच्या मागे लागून तो बोगद्यातून समुद्रापर्यंत येतो. सात हंस दक्षिणेकडे उडत जाताना दिसतात, त्यांच्या मागे तो तुर्गोनने सोडलेल्या ओसाड विन्यामारला पोचतो. रिकाम्या सभागृहात भिंतीवर चिलखत टांगलेलं. घालून पाहतो तर अंगासरशी बसतं. मग किनाऱ्यावर उतरतो, पश्चिमेकडून वादळ उठतं आणि त्यातून स्वतः उल्मो समोर येतो. तुओरची भीतीने गाळण उडते. उल्मो त्याला तुर्गोनकडे जायला सांगतो, पण बोलायचं काय ते पाठ करून घेत नाही. तिथे पोचलास की शब्द आपोआप तुझ्या मनात येतील, असं सांगतो. सांगकाम्या आणि दूत यांच्यातला फरक असा वाळूवर उभा राहून समजावलेला मी दुसरीकडे वाचला नाही.

दुसऱ्या दिवशी त्याच किनाऱ्यावर वोरोन्वे नावाचा एल्फ खलाशी भेटतो. तुर्गोननेही देवांकडे मदतीचा निरोप घेऊन जहाजं धाडली होती. सात गेली. शेवटच्या जहाजावरचे लोक दमून परत फिरले, किनारा नजरेच्या टप्प्यात आला आणि वादळाने बुडाले. हा एकटा वाचला, उल्मोने वाचवला म्हणून. वाट त्याला माहीत, निरोप तुओरला माहीत. दोघे मिळून गोन्डोलिन गाठतात.

तुर्गोनपुढे तुओर बोलतो, आणि त्याच्या तोंडून असा आवाज निघतो की हा माणूसच आहे ना अशी ऐकणाऱ्यांना शंका येते. निरोप एवढाच: शहर सोड, लोकांना घेऊन नदीने समुद्राकडे निघ. तुर्गोन बराच काळ विचार करतो. जुने शब्द त्याला आठवतात. पण शहर आता इतकं देखणं झालेलं असतं की पाय निघत नाही. नकार देतो. आणि नकार देऊनही जिवात धाकधूक म्हणून शहराचं लपलेलं प्रवेशद्वार बुजवून टाकतो. निरोप पटलेला आहे, पण तो पाळण्याची हिंमत नाही. पालथ्या घड्यावर पाणी म्हणावं तर तसंही नाही, घडा अर्धवट तिरका होता. शहर पडायचं ते पडलंच.

पण तुओरने तिथे राजकन्येशी लग्न केलं होतं. त्यांचा मुलगा एआरेन्डिल शहराच्या राखेतून वाचला आणि मोठेपणी उलट्या दिशेचा निरोप घेऊन निघाला, एल्फ आणि माणसांकडून देवांकडे. सात जहाजांना जे साधलं नाही ते त्याला साधलं. पोचला तर एल्फांचं तिरिओन नगर रिकामं. रस्त्यांवर कोणी नाही. सगळे उत्सवाला गेलेले. हाका मारून दमला. वाटेतली धूळ अंगावर आणि जोड्यांवर बसली होती, तीही हिऱ्यांची, चमचमणारी. एवढ्या लांब अर्ज घेऊन यावं आणि कचेरीला सुट्टी असावी तशी गत. परत फिरणार एवढ्यात वरून कोणीतरी त्याला नावाने हाक मारली.

हाक मारणारा एओन्वे. मान्वेचा निशाणदार आणि भालदार, एक माइआ, शस्त्रविद्येत त्याच्या तोडीचा कोणी नाही. 'देवाचा दूत' म्हटल्यावर जे झगझगीत चित्र मनात येतं ते याचंच. एआरेन्डिलची विनवणी ऐकली गेली, देवांनी सैन्य धाडलं, मेल्कोरचा पाडाव झाला. मग एक प्रसंग घडला, आणि माझ्या मते पुढच्या दोन युगांचं दुखणं त्यातून निघालं. मेल्कोरचा उजवा हात साउरॉन एओन्वेपुढे आला, नमला, सगळी दुष्कर्मं सोडतो म्हणाला. निदान भीतीपोटी का होईना, त्या क्षणी तो खरं बोलत होता, असं काहींचं मत पुराणातच नोंदलेलं आहे. पण साउरॉनही माइआच, आणि आपल्याच दर्जाच्या कोणाला माफी देण्याचा अधिकार दूताला नाही. एओन्वे म्हणाला, पश्चिमेला मान्वेपुढे हजर हो, निवाडा तो करील. साउरॉनला मान खाली घालून तिथे जाणं जमेना. एओन्वे परत गेला आणि हा मागे दडून राहिला. अधिकाराबाहेर जाऊन दूत एक शब्द जास्त बोलला असता तर काय झालं असतं, यावर मी पुष्कळ डोकं चालवलं आहे. पण मग तो दूत कसला?

साउरॉन यातून काय शिकला ते पाहण्यासारखं आहे. दुसऱ्या युगात, सन १२०० च्या सुमारास, तो एल्फांकडे आला. देखणा, मधाळ, ज्ञानाने ओतप्रोत. नाव सांगितलं अन्नातार, भेटी देणारा. ओळख सांगितली 'मी वालारांचा दूत'. गिल-गालाद राजाने आणि एल्रोन्डने त्याला दारात उभं केलं नाही. एरेगिओनच्या कारागिरांनी मात्र मांडीला मांडी लावून बसवून घेतलं, आणि त्याच्याकडून शिकलेल्या विद्येतून अंगठ्या घडल्या. तोतया दूत खऱ्यांच्या आधी येऊन गेला, आणि तो अगदी दूतासारखा दिसत होता.

न्यूमेनोरचं थोडक्यात सांगते. समुद्रातल्या या बेटावरच्या माणसांना मृत्यू नकोसा झाला. मान्वेने दूत धाडले. राजाशी त्यांची जी प्रश्नोत्तरं झाली ती वाचताना आपण राजाच्याच बाजूने होतो, कारण त्याचा सवाल रास्त आहे: तुम्ही अमर, आणि आम्ही मात्र आंधळा विश्वास ठेवून मरायचं? दूत प्रामाणिक. मृत्यू ही शिक्षा नाही असं ते सांगतात, पण माणसांबद्दल एरूच्या मनात काय आहे ते वालारांनाही ठाऊक नाही, हेही कबूल करतात. असला दूत वाद हरणारच. शेवटी शेवटी तर बोलणारे दूत येणंच बंद झालं आणि गरुडांच्या आकाराचे ढग पश्चिमेकडून येऊ लागले, पोटात वीज घेऊन. काही लोक तेवढ्यापुरते वरमले. काहींनी आभाळाकडे पाहून मुठी उगारल्या. दुसऱ्या युगाच्या ३३१९ मध्ये बेट समुद्राने गिळलं.

आता भाच्याच्या प्रश्नाकडे येते. तिसऱ्या युगात साउरॉन पुन्हा डोकं वर काढतोय अशी शंका आली, तेव्हा मान्वेने सभा बोलावली. या सभेची टॉल्किननी खरडलेली टिपणं तेवढी उरली आहेत, पण सभा कोणत्याही ग्रामपंचायतीसारखीच आहे. तीन दूत हवेत, कोण जाणार? औलेने आपला कुरुमो सुचवला, ओरोमेने आपला आलातार. मान्वेने विचारलं, ओलोरिन कुठे आहे? ओलोरिन नुकताच कुठून तरी प्रवास करून आला होता, राखाडी कपड्यांत सभेच्या कडेला टेकला होता. काय काम आहे म्हणाला. तू जा, असं सांगितल्यावर म्हणाला, माझी तेवढी ताकद नाही आणि मला साउरॉनची भीती वाटते. मान्वे म्हणाला, मग तर तूच जायला हवंस. कितवा जायचं ते ठरताना राणी वार्दाने मान वर करून एवढंच म्हटलं की तिसरा म्हणून नव्हे. कुरुमोच्या ते जिव्हारी लागलं आणि तो ते कधी विसरला नाही. वनस्पतींची देवी यावान्ना हिच्या आग्रहाने कुरुमोच्या गळ्यात आयवेन्दिल पडला, आलातारने मित्र म्हणून पाल्लान्दोला घेतलं. असे पाच झाले. हेच इस्तारी, म्हणजे कादंबरीतले जादूगार. कुरुमोचं पुढे नाव पडलं सारुमान, आयवेन्दिलचं राडागास्ट आणि ओलोरिनचं गॅन्डाल्फ.

हा ओलोरिन पूर्वी पश्चिमेला काय करायचा, तेही ऐका. एल्फांमध्ये अदृश्य वावरायचा, नाहीतर त्यांच्यातलाच एक होऊन. त्यांना सुंदर दृश्यं दिसत, मनात शहाणे विचार येत, पण ते कुठून आले याचा पत्ता लागत नसे. निरोप पोचवायचा आणि पाकिटावर नावही घालायचं नाही, ही त्याची जुनी खोड. दया त्याने निएन्ना या अश्रूंच्या देवीकडून शिकून घेतली होती.

आणि अटी. खराखुरा म्हाताऱ्याचा देह घ्यायचा, काढून ठेवायचा कपडा नव्हे. भूक, तहान, थकवा, भीती, जखम, मरणसुद्धा भोगायचं. पूर्वीचं बरंचसं विसरायला होईल. आणि मुख्य म्हणजे आपलं मूळ तेजस्वी रूप दाखवायचं नाही, बळाचं प्रदर्शन करून कोणाचं मन वाकवायचं नाही. माणसांना आणि एल्फांना उठवायचं, एकत्र आणायचं, लढायचं त्यांनी.

आपल्याकडे कृष्णशिष्टाई आहे. पांडवांचा दूत होऊन कृष्ण कौरवांच्या सभेत जातो, पाच गावांपर्यंत खाली येतो, आणि दुर्योधन त्याला बांधायला निघतो तेव्हा विश्वरूप दाखवतो. सभा दिपते, दुर्योधन मात्र जागचा हलत नाही. इस्तारींना बंदी होती ती नेमक्या या शेवटच्या चालीची. तुओरपुढे उल्मो वादळातून उठला, एओन्वे सैन्य घेऊन आला, न्यूमेनोरवर विजा आल्या. त्या सगळ्या खटाटोपानंतर देवांनी पाच म्हातारे धाडले, तेही काठी टेकत.

तिसऱ्या युगाची हजारेक वर्षं झाली तेव्हा ते एकामागून एक बंदरात उतरले. बंदराचा राखणदार किर्दान, फार जुना एल्फ. सगळ्यांत शेवटी उतरलेला गॅन्डाल्फ दिसायला सर्वांत लहानखुरा, सर्वांत म्हातारा. किर्दानने त्याच्याकडे पाहिलं आणि स्वतःजवळची नार्या ही अग्नीची अंगठी त्याला दिली, थंड पडत चाललेल्या जगात लोकांची मनं पेटवायला उपयोगी पडेल म्हणून. कोणी ओळखपत्र दाखवलं नाही, कोणी मागितलं नाही. अन्नातारच्या थाटामाटानंतर हा म्हातारा ओळखायला तसा डोळा हवा.

पाचांपैकी दोघे पूर्वेला गेले. राडागास्ट पशुपक्ष्यांत रमला. मला तो कधी वाईट वाटला नाही, यावान्नाने धाडलेला माणूस झाडाझुडपांत रमणारच. सारुमानने अटच मोडली. त्याचं हत्यार त्याचा आवाज. तो बोलू लागला की ऐकणाऱ्याला स्वतःचं मत उरत नसे, म्हणजे मनाची कडी आतून काढून घेण्याची तीच जुनी मेल्कोरची विद्या. तो मेला तेव्हा देहातून धुराची एक आकृती उठली, क्षणभर पश्चिमेकडे वळली, तर तिकडूनच गार वारा आला आणि ती विरून गेली. धाडणाऱ्यानेच त्याला परत घेतलं नाही.

गॅन्डाल्फही मेला. तिसऱ्या युगाच्या ३०१९ सालात, १५ जानेवारीला, तो मोरिया या भुयारी नगरातल्या पुलावरून एका अग्निदैत्याबरोबर कोसळला आणि दहा दिवसांनी डोंगरमाथ्यावर त्याला मारून संपला. तो दैत्यही मूळचा माइआच, म्हणजे भाऊबंदकीच म्हणायची. त्याला परत पाठवलं ते मान्वेने नव्हे. देवांची योजना तिथे संपली होती, आणि त्यांच्याही वरच्याने ती हातात घेतली, असं टॉल्किननी पत्रात सुचवलं आहे. तरीही परत आलेला पांढरा गॅन्डाल्फ पहिल्यासारखाच दारोदार फिरतो, राजांना समजावतो, वाद घालतो. अट तशीच आहे.

हे सगळं मी सांगत होते तेव्हा भाचा उशीला टेकून ऐकत होता. मग त्याने जगातल्या प्रत्येक वाचकाला पडणारा प्रश्न विचारला. "पण मग ते गरुडांवर बसून का नाही गेले?"

"गरुड मान्वेचे आहेत. गॅन्डाल्फची टॅक्सी नव्हे."

मान्वेने त्यांना फार पूर्वी डोंगरकड्यांवर राहायला धाडलं होतं, मेल्कोरवर नजर ठेवायला आणि खबर वर पोचवायला. अडल्यानडल्याला ते उचलतात, कधी लढाईतही उतरतात. त्यांच्यातल्या एकाने केलेलं सगळ्यांत सुंदर काम कादंबरीच्या जवळजवळ शेवटी आहे. २५ मार्च ३०१९. गोन्डोरची राजधानी मिनास तिरिथ, तिच्या तटावर फारामिर आणि रोहानची राजकन्या एओविन उभे आहेत. सैन्य दूर पूर्वेला मरायला गेलंय, बातमी नाही. एकाएकी अंधार ओसरतो, ऊन पडतं, आणि लोक गाऊ लागतात, कशासाठी ते त्यांनाही माहीत नसतं. दुपार कलायच्या सुमारास पूर्वेकडून एक प्रचंड गरुड येतो आणि शहरावर घिरट्या घालत ओरडून सांगतो: गा, लोकहो, काळा मनोरा पडला, तुमचा राजा जिंकला आहे आणि परत येतोय. राजवाड्याला नाही, राजाला नाही, रस्त्यावरच्या सगळ्यांना एकदम. त्यात कुठे जायला सांगितलेलं नाही, काही सोडायला सांगितलेलं नाही.

"हे सिनेमात आहे?"

"नाही."

"बरं," तो म्हणाला आणि रिमोट माझ्या हातात दिला, "मग लाव पुढे."